मूक वेस्टर्न आणि अमेरिकन सरहद्दीची मिथकं: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

मूक वेस्टर्न म्हणजे नेमके कोणते चित्रपट?

विसाव्या शतकाच्या सुरुवातीपासून १९२९ पर्यंत अमेरिकेत निघालेले, पश्चिमेकडच्या मुलखात घडणारे मूकपट. घोडे, गुरं, दरोडे, रेल्वे, वसाहतीला निघालेल्यांचे गाड्यांचे तांडे, मूळ रहिवाशांशी झालेल्या लढाया, हा त्यांचा सगळा ऐवज. सुरुवातीचे चित्रपट एका रिळाचे, म्हणजे दहा-पंधरा मिनिटांचे असत. १९१४ च्या सुमारास ते तासाभराचे झाले आणि १९२३ साली 'द कव्हर्ड वॅगन' आला तो दहा रिळांचा. संवाद पाट्यांवर यायचे आणि संगीत थिएटरात बसलेला वादक द्यायचा. रात्रीचं दृश्य असेल तर फिल्म निळ्या रंगात बुडवायची, आगीचं असेल तर लाल. त्यामुळे 'ब्लॅक अँड व्हाइट' म्हणून आपण जे ओळखतो ते त्या काळच्या प्रेक्षकाने बऱ्याचदा रंगीतच पाहिलं.

सरहद्द म्हणजे कुठली? दोन देशांमधली?

नाही. गोऱ्या वसाहतवाल्यांची वस्ती जिथे विरळ होत संपते ती सरकती रेषा. १८९० च्या जनगणनेनंतर सरकारनेच जाहीर केलं की अशी सलग रेषा आता नकाशावर दाखवता येत नाही. १८९३ साली फ्रेडरिक जॅक्सन टर्नर या तरुण इतिहासकाराने शिकागोत निबंध वाचला: अमेरिकन माणसाचा स्वभाव, त्याची लोकशाही, त्याचा स्वावलंबीपणा याच रेषेवर घडला आणि आता ती रेषा संपली. ज्या जमिनीला तो 'मोकळी' म्हणत होता तिथे आधीपासून लाकोटा, कोमांची, शायान आणि इतर कितीतरी लोक राहत होते, हे त्याच्या मांडणीत कोपऱ्यात गेलं.

त्याच वर्षी, त्याच शिकागोत, जागतिक प्रदर्शनाच्या कुंपणाला लागून, सैन्याचा जुना वाटाड्या बफेलो बिल कोडी याचा 'वाइल्ड वेस्ट' खेळ चालू होता. इतिहासकाराचं ऐकायला मूठभर लोक होते. कोडीकडे तिकिटासाठी झुंबड होती.

मग हे मिथक चित्रपटांनी तयार केलं, असं म्हणता येईल का?

नाही. चित्रपट आले तेव्हा माल तयार होता. १८६० पासून दहा सेंटच्या कादंबऱ्या निघत होत्या, आणि १८६९ मध्ये नेड बंटलाइन या लेखकाने कोडीला त्यांचा नायक करून टाकलं होतं. १८८३ पासून कोडी स्वतःच मैदानात टपालगाडीवरचा हल्ला, बायसनची शिकार, घोडदळाची धाव असं सगळं दाखवत गावोगाव आणि पुढे युरोपभर फिरत होता. १८८५ च्या दौऱ्यात लाकोटांचा नेता सिटिंग बुल त्याच्याबरोबर होता, पगारावर. १८९४ साली कोडीच्या खेळातली मंडळी न्यू जर्सीत एडिसनच्या स्टुडिओत गेली आणि कॅमेऱ्यासमोर नाचली, तेव्हा वेस्टर्नला अजून नावही नव्हतं.

माझं मत असं की या विषयातली खरी गंमत आणि खरी अडचण एकच आहे. खोटं रचणारे बाहेरचे नव्हते. ज्यांनी ते दिवस पाहिले होते तेच लोक तिकीट लावून त्या दिवसांची सुधारून काढलेली आवृत्ती विकत होते. लढाईवर गेलेल्यानेच परत येऊन स्वतःचा पोवाडा डफावर गावा, तसं काहीसं. त्यामुळे 'हा तर साक्षीदार आहे' म्हणून विश्वास ठेवावा, तर तोच सगळ्यात जास्त फसवतो.

सगळ्यात पहिला वेस्टर्न 'द ग्रेट ट्रेन रॉबरी' का?

'पहिला' या शब्दावरून जाणकार भांडतात, पण प्रसिद्ध झालेला आणि साचा घालून देणारा तो हाच. १९०३, एडिसन कंपनी, दिग्दर्शक एडविन पोर्टर, लांबी बारा मिनिटांच्या आसपास. दरोडा, पळ, पाठलाग, गोळीबार, सगळं त्यात आहे. फक्त पश्चिम नाही! चित्रीकरण न्यू यॉर्कच्या स्टुडिओत आणि न्यू जर्सीच्या जंगलात झालं. घोडे जिथून दौडतात ती झाडी नीट पाहा. ओलसर, दाट, पूर्व किनाऱ्याची आहे.

यातला एक शॉट मात्र निवांत पाहण्यासारखा आहे. दरोडेखोरांचा म्होरक्या छातीपर्यंत पडदा भरून उभा राहतो आणि सरळ प्रेक्षकांवर पिस्तूल रोखून गोळ्या झाडतो. कथेशी त्याचा काही संबंध नाही. कंपनीच्या माहितीपत्रकात थिएटरवाल्यांना सांगितलं होतं की हा तुकडा सुरुवातीला लावा किंवा शेवटी, तुमची मर्जी. धंदा कशावर चालणार आहे हे एडिसनच्या माणसांना तेव्हाच कळलं होतं.

पहिला काउबॉय नट खरा काउबॉय होता का?

अजिबात नाही. 'ब्रॉन्को बिली' म्हणून गाजलेला गिल्बर्ट अँडरसन हा आर्कान्सामध्ये जन्मलेला ज्यू मुलगा, मूळ नाव मॅक्स आरोन्सन. 'द ग्रेट ट्रेन रॉबरी'त त्याने किरकोळ कामं केली होती. १९०७ मध्ये जॉर्ज स्पूरबरोबर त्याने शिकागोत एसनी कंपनी काढली आणि १९१२ पासून कॅलिफोर्नियातल्या नाइल्स गावात स्टुडिओ थाटून बिलीचे चित्रपट अक्षरशः आठवड्याच्या हिशोबाने पाडले. शेकड्यांनी. गुन्हेगार, पण मनाचा चांगला; एखादं आजारी मूल दिसलं की पळून जायची संधी सोडणारा. हा नमुना पुढे शंभर वर्षं वापरला गेला.

खरे दरोडेखोर चित्रपटांत काम करत होते, ही थाप आहे ना?

थाप वाटावी असं आहे, पण खरं आहे. ओक्लाहोमात अल जेनिंग्स नावाचा वकील रेल्वे लुटायला लागला, पकडला गेला, तुरुंगात गेला, सुटला. १९०८ मध्ये त्याने एका छोट्या चित्रपटात बँक लुटणाऱ्याचं काम केलं. दिग्दर्शक होता बिल टिलमन, म्हणजे अशा लोकांना पकडण्यात हयात घालवलेला मार्शल. पुढे जेनिंग्स स्वतःच्या आयुष्यावर चित्रपट काढून मिरवायला लागला. गुन्हेगारांचं हे कौतुक टिलमनला सोसेना, तेव्हा त्याने १९१५ मध्ये कायद्याच्या बाजूने आपला वेगळा चित्रपट काढला आणि तो घेऊन गावोगाव फिरला.

याच्यावर कडी केली हेन्री स्टारने. १९१५ मध्ये स्ट्राउड गावात एकाच दिवशी दोन बँका लुटताना त्याला गोळी लागली, तो पकडला गेला. सुटल्यावर १९१९ मध्ये त्याच स्ट्राउडच्या दरोड्यावर चित्रपट निघाला आणि त्यात स्टारने स्टारचं काम केलं. गुन्ह्यातून काही मिळत नाही, असा उपदेश त्यात होता. १९२१ मध्ये हाच माणूस मोटारीत बसून आर्कान्सातल्या हॅरिसनला बँक लुटायला गेला आणि तिथे लागलेल्या गोळीने मेला.

वायट अर्पचं तुम्ही ऐकलंच असेल. ॲरिझोनातल्या टूमस्टोन गावच्या १८८१ च्या गोळीबारातला हा माणूस म्हातारपणी लॉस एंजेलिसला राहत होता, आपल्यावर चित्रपट निघावा म्हणून धडपडत होता. १९२९ च्या जानेवारीत तो गेला तेव्हा त्याला खांदा देणाऱ्यांत विल्यम हार्ट आणि टॉम मिक्स होते, मूक वेस्टर्नचे दोन सगळ्यात मोठे नायक.

हार्ट आणि मिक्स यांच्यात फरक काय? दोघेही काउबॉयच ना?

हार्ट गंभीर आणि मिक्स दिलखुलास, हा सोपा फरक.

विल्यम हार्ट १८६४ मध्ये न्यू यॉर्क राज्यात जन्मला. शेक्सपिअर वगैरे करणारा रंगभूमीचा नट. पन्नाशीला टेकल्यावर, १९१४ मध्ये, चित्रपटांत आला. कपडे मळके हवेत, खोगीर खरं हवं, गावात धूळ हवी, हा त्याचा आग्रह. १९१६ चा 'हेल्स हिंजेस' पाहा. नवा धर्मोपदेशक गावात येतो, गावगुंड त्याला दारू आणि बाईच्या नादी लावतात, चर्च जाळतात. हार्टचा गुंड त्या उपदेशकाच्या बहिणीमुळे पालटतो आणि मग दोन्ही हातांत पिस्तुलं घेऊन अख्ख्या गावालाच आग लावतो. लाल रंगातली ती आग, पळणाऱ्या माणसांच्या काळ्या आकृत्या आणि मध्ये हार्टचा दगडी चेहरा. कपडे खरे, कथा बायबलमधल्या प्रलयासारखी. वास्तववाद म्हणून ज्याची ख्याती, तोच मिथक सगळ्यात पक्कं बसवतो.

टॉम मिक्स पेन्सिल्व्हेनियातल्या लाकूडतोड्यांच्या वस्तीत १८८० साली जन्मला. फॉक्स कंपनीच्या प्रसिद्धीनुसार तो क्यूबात लढला होता, चीनमध्ये लढला होता, बोअर युद्धात होता, टेक्सास रेंजर होता. प्रत्यक्षात तो तोफखान्यात भरती झाला, कुठल्याही लढाईवर गेला नाही आणि १९०२ मध्ये रजेवर गेला तो परतलाच नाही. घोडेस्वारी मात्र अस्सल होती. ओक्लाहोमाच्या १०१ रँच या गुरांच्या मोठ्या मळ्यावर आणि त्यांच्या वाइल्ड वेस्ट खेळात तो तयार झाला होता. शिवलेले झगमगीत शर्ट, मोठी हॅट, टोनी नावाचा घोडा. पोरांना तोच आवडायचा. हार्ट मागे पडला याचं मला वाईट वाटतं, पण मिक्सचा एखादा पाठलाग पाहिला की कारण कळतं.

भर रस्त्यात समोरासमोर पिस्तुलबाजी खरंच व्हायची का?

क्वचित. १८६५ मध्ये मिझुरीतल्या स्प्रिंगफिल्डला वाइल्ड बिल हिकॉकने डेव्हिस टटला चौकात मारलं, ते या नमुन्यातलं हमखास दिलं जाणारं उदाहरण. हमखास दिलं जातं, कारण दुसरी फारशी नाहीत. इतिहासकार रॉबर्ट डायक्स्ट्राने कॅन्ससमधल्या पाच गुरांच्या बाजारगावांची नोंद तपासली, डॉज सिटीसकट. १८७० ते १८८५ या सगळ्या काळात पाच गावं मिळून ४५ खून. या गावांत शिरताना हत्यार जमा करायचा नियम असायचा. टूमस्टोनचा तो प्रसिद्ध गोळीबारसुद्धा हत्यारबंदी मोडण्यावरूनच पेटला होता.

आणि गाड्यांचं रिंगण करून 'इंडियनां'शी लढाई?

रिंगण करायचे, पण मुख्यतः रात्री गुरं आत कोंडायला. वाटेत मेलेल्यांपैकी बहुतेकांना कॉलऱ्याने, नदीने आणि चुकून सुटलेल्या स्वतःच्याच बंदुकीने मारलं. कॉलऱ्यावर चित्रपट काढून कोण पाहणार?

मूळ अमेरिकनांची कामं गोरेच रंग लावून करत होते ना?

बऱ्याचदा हो. पण मूकपटांचं चित्र नंतरच्या बोलपटांपेक्षा गुंतागुंतीचं आहे, आणि ते लोकांना सहसा माहीत नसतं.

१९१० च्या सुमारास जेम्स यंग डिअर आणि त्याची बायको लिलियन सेंट सिर हे जोडपं पाथे कंपनीसाठी चित्रपट करत होतं. लिलियन नेब्रास्कातल्या हो-चंक (म्हणजेच विनेबागो) जमातीची, पडद्यावरचं नाव 'रेड विंग'. यंग डिअर स्वतःला विनेबागो म्हणवायचा. पुढच्या संशोधनात तो डेलावेअरकडच्या नॅन्टिकोक समाजातला असल्याचं दिसलं. म्हणजे मिथक रचण्यात तोही मागे नव्हता. पण त्याच्या चित्रपटांत गोऱ्या माणसाची मूळनिवासी बायको ही माणूस असते, तिला घर असतं, निर्णय असतात. त्याचा १९१० चा 'व्हाइट फॉन्स डिव्होशन' आज अमेरिकेच्या राष्ट्रीय चित्रपट नोंदवहीत आहे. १९१४ मध्ये सेसिल डमिलने हॉलिवूडमध्ये 'द स्क्वॉ मॅन' केला तेव्हा मुख्य स्त्री भूमिका रेड विंगचीच होती.

निर्माता थॉमस इन्सच्या स्टुडिओत, सांता मोनिकाजवळच्या डोंगरात, दक्षिण डकोटातल्या पाइन रिज या राखीव वसाहतीतून आणलेली लाकोटा कुटुंबं राहायची आणि चित्रपटांत काम करायची. दुसरीकडे १९११ साली काही जमातींचे प्रतिनिधी थेट वॉशिंग्टनला जाऊन चित्रपटांतल्या आपल्या चित्रणाबद्दल तक्रार करून आले. तेव्हा 'त्या काळी कुणाला काही वाटत नव्हतं' असं कुणी म्हटलं तर ते चूक आहे.

१९२० चा 'द डॉटर ऑफ डॉन' तर चुकवूच नये. ओक्लाहोमाच्या विचिटा डोंगरांत तीनशेहून जास्त कायोवा आणि कोमांची लोकांनी केलेला चित्रपट. कोमांची नेता क्वाना पार्करची मुलंही त्यात आहेत. कपडे, तंबू, दागिने त्यांनी घरून आणले. कथा साधीच, प्रेमत्रिकोणाची. पण ज्या घरांत ते कपडे जपून ठेवले होते ती घरं त्या वेळी सरकारी शाळा आणि सरकारी फर्मानं यांच्या दाबाखाली होती, हे लक्षात ठेवून पाहिलं तर पडद्यावरची प्रत्येक शाल वेगळी दिसते. हा चित्रपट कित्येक दशकं हरवलेला होता, या शतकात सापडला.

कोडीने वूंडेड नीच्या हत्याकांडावर चित्रपट काढला होता, ते काय प्रकरण आहे?

२९ डिसेंबर १८९० ला दक्षिण डकोटात वूंडेड नी ओढ्याकाठी अमेरिकन घोडदळाने लाकोटांवर गोळीबार केला. मेलेल्यांचा आकडा दीडशे ते तीनशे असा सांगतात; त्यात बायका आणि मुलं पुष्कळ होती. १९१३ मध्ये कोडी एसनी कंपनीचा कॅमेरा घेऊन पाइन रिजला गेला. सरकारने घोडदळ दिलं, निवृत्त जनरल नेल्सन माइल्स हजर राहिले, आणि लाकोटांकडून ते सगळं पुन्हा करवून घेतलं. त्यांत वाचलेले होते, मेलेल्यांचे नातेवाईक होते. चित्रपटाचे आज तुकडेच शिल्लक आहेत. 'अस्सल' या शब्दाची जाहिरात इतकी महाग कुठेच पडली नसेल.

काळे काउबॉय पडद्यावर कुठे आहेत?

गुरं हाकणाऱ्यांमध्ये साधारण चारांतला एक काळा होता, असा इतिहासकारांचा अंदाज आहे. मोठ्या कंपन्यांच्या चित्रपटांत मात्र ते जवळजवळ दिसत नाहीत. काळ्या प्रेक्षकांसाठी वेगळे चित्रपट निघायचे, तिथे ते सापडतात. बिल पिकेट हा १०१ रँचचा गडी. धावत्या घोड्यावरून बैलावर उडी मारून, शिंगं पिरगाळून, त्याच्या ओठाला दातांनी धरून त्याला लोळवायचा. रोडिओतला, म्हणजे काउबॉयच्या कसरतींच्या स्पर्धेतला, हा प्रकार त्याच्याच नावावर आहे. १९२० च्या दशकाच्या सुरुवातीला फ्लोरिडाच्या रिचर्ड नॉर्मनने त्याला घेऊन ओक्लाहोमातल्या बोली या काळ्यांच्या गावात चित्रीकरण केलं. ऑस्कर मिशो हा दक्षिण डकोटात खरोखर जमीन कसलेला माणूस. त्याने आपल्या अनुभवावर १९१९ मध्ये 'द होमस्टेडर' काढला. तो हरवला आहे.

मेक्सिकन व्हाकेरोंची, म्हणजे तिथल्या गुराख्यांची, गत निराळी. दोरखंड, खोगीर, रोडिओ, काउबॉयची सगळी विद्या त्यांची. पडद्यावर वाट्याला आला तो तेलकट मिशीवाला खलनायक. १९२२ मध्ये मेक्सिकोच्या सरकारने अशा चित्रपटांच्या कंपन्यांवर बंदी घालायला सुरुवात केली, तेव्हा बाजार हातचा जाईल म्हणून हॉलिवूड थोडं वरमलं.

'द आयर्न हॉर्स' कितपत खरा मानावा?

जॉन फोर्डचा १९२४ चा हा चित्रपट देखणा आहे. आडवी धावणारी रेल्वे, नेवाडाचं बर्फ, शेकडो माणसं. अमेरिका आरपार जाणाऱ्या पहिल्या रेल्वेचे दोन बाजूंचे रूळ १० मे १८६९ ला युटात जुळले तो प्रसंग शेवटी येतो, आणि पाटी सांगते की पडद्यावर दिसताहेत ती त्या दिवशीची मूळ इंजिनं आहेत. मूळ दोन्ही इंजिनं त्याआधीच भंगारात गेली होती. कॅलिफोर्नियाकडून येणारा मार्ग दहा हजारांहून जास्त चिनी मजुरांनी डोंगर फोडून आणला; चित्रपटात ते आहेत, पण मागे, गर्दीत. पुढे बागडतात ते आयरिश. फोर्ड स्वतः आयरिश घरातला, हे सांगायला हवं का?

बायकांना फक्त वाचवून घ्यायचं काम होतं?

बहुतेकदा. पण मालिकापटांत धावत्या रेल्वेवर उडी घेणाऱ्या हेलन गिब्सनसारख्या बाया होत्या, आणि 'द विंड' आहे. १९२८, दिग्दर्शक स्वीडनचे व्हिक्टर शोस्ट्रॉम, मुख्य भूमिकेत लिलियन गिश. पूर्वेकडची मुलगी टेक्सासच्या वाऱ्यात येऊन पडते आणि वारा तिचं डोकं फिरवतो. मोहावी वाळवंटात विमानांचे पंखे लावून वाळू उडवली. ऊन असं की दाराची कडी धरली तर गिशचा हात भाजला. यात ना मोकळं आकाश आहे ना स्वातंत्र्य. बारीक वाळू आहे, भाकरीवर, ताटात, डोळ्यांत. सरहद्दीच्या मिथकाला आतून सुरुंग लावणारा इतका चांगला चित्रपट बोलपटांतही मला चटकन आठवत नाही.

हे चित्रपट आपल्याकडे पोहोचले होते का?

हो. १९२० च्या दशकात मुंबईत दाखवल्या जाणाऱ्या चित्रपटांत अमेरिकन माल भरपूर होता, आणि मारधाडीच्या मालिकांना पिटातला प्रेक्षक गर्दी करायचा. भारतातल्या चित्रपट व्यवसायाची पाहणी करणाऱ्या १९२७-२८ च्या सरकारी रंगाचारियर समितीचं कामच मुळी या अमेरिकन वरचष्म्यामुळे निघालं. बाबुराव पेंटरांच्या कोल्हापूरच्या कंपनीत घडलेल्या मास्टर विठ्ठलना हॉलिवूडच्या साहसपटांतल्या नायकावरून 'भारताचे डग्लस फेअरबँक्स' म्हणायचे. आपल्याकडच्या ऐतिहासिक आणि पोशाखी साहसपटांतले घोडे मात्र मावळी आणि राजपूत वळणाचे. काउबॉयची हॅट आपल्या पडद्यावर रुळायला बराच वेळ लागला.

आज किती मूक वेस्टर्न शिल्लक आहेत?

वेस्टर्नचा वेगळा आकडा देत नाही, पण लायब्ररी ऑफ काँग्रेसने २०१३ मध्ये प्रसिद्ध केलेल्या अहवालानुसार अमेरिकेत निघालेल्या जवळपास ११,००० पूर्ण लांबीच्या मूकपटांपैकी सुमारे ७० टक्के कायमचे गेले. नायट्रेटची फिल्म पेट घेते, कुजते. आणि बोलपट आल्यावर कंपन्यांनीच जुने साठे फिल्ममधली चांदी काढायला विकले. १९३७ मध्ये न्यू जर्सीत फॉक्सच्या गोदामाला आग लागली, त्यात टॉम मिक्सचे बरेचसे चित्रपट गेले. उरलेले कुठे सापडतील याचा नेम नसतो. फोर्डचा १९१७ चा 'स्ट्रेट शूटिंग' सापडला तो तेव्हाच्या चेकोस्लोव्हाकियातल्या संग्रहात.

पाहायचे कुठे, आणि सुरुवात कशाने करू?

१९२९ पर्यंत प्रसिद्ध झालेले चित्रपट आता अमेरिकेत हक्कमुक्त आहेत, त्यामुळे आंतरजालावर बरेच फुकट मिळतात. लायब्ररी ऑफ काँग्रेसच्या संकेतस्थळावरच्या प्रती चांगल्या. यूट्यूबवर शोधताना वेग तपासा: माणसं तुरुतुरु पळताना दिसली तर चित्रपट चुकीच्या वेगाने चालवलाय, दुसरी प्रत शोधा. आणि भलतंच संगीत चिकटवलेलं असेल तर आवाज सरळ बंद करा.

क्रम माझा असा: आधी 'द ग्रेट ट्रेन रॉबरी', बारा मिनिटांत उरकतो. मग 'हेल्स हिंजेस'. त्यानंतर लगेच 'द डॉटर ऑफ डॉन', म्हणजे कॅमेरा दुसऱ्या बाजूला गेल्यावर काय दिसतं ते कळेल. हार्टचा १९२५ चा 'टंबलवीड्स' त्यातल्या जमिनीच्या शर्यतीसाठी (आधी पोहोचेल त्याची जमीन) पाहा: दुपारचे बारा, तोफ, आणि हजारो गाड्या एकदम सुटतात. शक्यतो १९३९ ची आवृत्ती मिळवा. तिच्या सुरुवातीला सत्तरीतला हार्ट पहिल्यांदाच पडद्यावर बोलतो, रंगभूमीवरच्या जुन्या खणखणीत आवाजात. 'द विंड' शेवटी ठेवा, आणि तो मोठ्या पडद्यावर मिळाला तरच.